दिलीपच्या गावातली पाटी

हे मी अजून कुणापाशीच बोलले नाही. नवऱ्यापाशी नाही, लेकीपाशी नाही. देवापुढे हात जोडले तेव्हाही दुसरंच काहीतरी पुटपुटून उठले. तुम्ही अनोळखी, म्हणून तुमच्यापाशी सोपं जाईल असं वाटलं होतं. कुठलं आलंय सोपं! सकाळपासून तीनदा लिहायला बसले, आणि तीनदा उठून स्वच्छ असलेला गॅस पुन्हा पुसून आले.

गोष्ट कम्प्युटरवरच्या खेळाची आहे. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, पुढे जमणार नाही.

मी अकोल्याची. सदुसष्ट पूर्ण झाली, शिक्षण दहावी. लेक नोकरीवर गेली आणि तिचा जुना कम्प्युटर मागे राहिला. त्याच्यावर धूळ नको म्हणून मी कव्हर शिवायला घेतलं. माप घेता घेता बटण दाबलं — आणि तिथेच बसले. व्हिडिओ पाहून, इंग्रजी शब्दांवर बोट ठेवून, चुकत चुकत शिकले. कुणी शिकवलं नाही, त्याचा मला फार अभिमान. तो अभिमान लक्षात ठेवा. सगळं त्याच्यातूनच झालं.

माझा धाकटा भाऊ दिलीप अमरावतीला. रिटायर झाल्यावर त्यालाही तोच नाद लागला. खेळ साधा — शेत करायचं, कोंबड्या पाळायच्या, हळूहळू गाव वसवायचं. घरं, विहीर, दुकान. कुठेही पाटी रोवून तिच्यावर मनात येईल ते लिहिता यायचं. रोज संध्याकाळी त्याचा फोन. "ताई, तुया कांद्याले पानी देल्लं काय?" मागून माझी भावजय शोभा ओरडायची, "अवो ताई, याईले म्हना, घरच्या कुंड्याईलेबी पानी लागते! पेन्शनीचा मानूस कांदे लावून रायला टीव्हीत!"

"टीव्ही नाई थो," दिलीप म्हणायचा.

"त मंग भाजी काहून येत नाई त्याच्यातून?"

असं आमचं चालायचं. मी त्याच्याही एक पाऊल पुढे गेले. खेळाच्या फाइली कुठे असतात ते मी शोधून काढलं. खेळातली माणसं काय बोलतात ते सगळं एका फाइलीत ओळीनं लिहिलेलं असतं. मी ती उघडली आणि इंग्रजी काढून वऱ्हाडी घालायला बसले. पहिल्यांदा अक्षरांच्या जागी नुसते चौकोन दिसले — मग मराठी अक्षरांची फाइलही आत घालावी लागली, त्यात आठ दिवस गेले. पण नवव्या दिवशी तो गोरा दुकानदार मला म्हणाला, "या बाई, बसा. पानी घेता काय?" एकटीच टाळ्या वाजवत होते मी! लोहार म्हणायचा, "काहून एवढा उशीर?" दिलीपला फोनवर वाचून दाखवलं, तर हसता हसता त्याला खोकला लागला. याला मॉड म्हणतात, हेही मला नंतर कळलं.

आणि दर वेळी हात लावण्याआधी मी मूळ फाइलींची एक कॉपी वेगळी काढून ठेवायचे. दिलीपला तर मी त्यावरून बोलून बोलून नको केलं होतं. "आधी कॉपी काढत जा, मंग बोट लावत जा." दिवाळीला त्याच्याकडे गेले, तेव्हा त्याच्या गावाची कॉपी मीच पेन ड्राइव्हवर घेऊन आले. असू दे म्हटलं माझ्याकडे.

आणखी एक सांगायचं राहिलं. खेळ सुरू करताना गावाला नाव द्यावं लागतं. दिलीपनं नाव दिलं बोरखेडी. मीही बोरखेडीच दिलं. आम्ही दोघं जिथे जन्मलो ते गाव — दुसरं कोणतं देणार होतो? एकमेकांना न विचारता दोघांनी तेच लिहिलं, याचं तेव्हा किती कौतुक वाटलं होतं!

त्या दिवाळीनंतरच्या उन्हाळ्यात दिलीप आजारी पडला. सव्वा महिन्यात संपलं. दवाखान्यात शेवटच्या आठवड्यात शोभा आणि मी दोघी खाटेजवळ होतो. त्याला बोलताना धाप लागायची. शोभाकडे पाहून म्हणाला, "शाळेपाशी पाटी लिवली हाय. तुयासाठी. मांगल्याच महिन्यात लिवली. ताई दाखवीन तुले." मी विचारलं, काय लिहिलं रे? तर म्हणाला, "तिले वाचू दे पयले."

शाळा म्हणजे खेळातली. त्याच्या गावात त्यानं शाळा बांधली होती, हे मी पाहिलेलं होतं. शाळा का बांधली, ते विचारायची गरज नव्हती.

शोभा परतवाड्याला शिकवायची. लग्नानंतरही रोज अमरावतीहून एसटीनं जाऊन-येऊन. पोरं तिच्यावर जीव टाकायची. मग आमच्या आईला अर्धांगवायू झाला, आणि शोभाची नोकरी सुटली. दिलीपनं सोडायला लावली. अठ्ठावीस वर्षं शोभानं त्याला ते ऐकवलं — भाजीत मीठ कमी पडलं तरी ती गाडी परतवाड्यालाच जायची. तो कधी एक शब्द उलट बोलला नाही.

का बोलला नाही? हे मी जाणून होते. सांगते — पण आधी ते दुसरं सांगू द्या. त्याला हे चिकटलेलं आहे.

दिलीप गेला. मी अमरावतीलाच राहिले. शोभानं कम्प्युटरला हात लावला नाही. म्हणाली, "तेरवी होऊ द्या ताई. मंग निवांत वाचू. आता वाचलं त मी उठनार नाई." मला पटलं. नऊ दिवस मी त्या बंद पडद्यासमोरून ये-जा केली.

नवव्या दिवशी दुपारी घरातल्या बायका आडव्या झाल्या होत्या. माझ्या मनात आलं — शोभा पहिल्यांदा त्या गावात शिरेल, आणि तिथली माणसं तिच्याशी इंग्रजीत बोलतील? दिलीपच्या कम्प्युटरवर माझी वऱ्हाडी बसवायची राहिलीच होती. शोभा गावातून चालेल, दुकानदार म्हणेल "या बाई, बसा", आणि शोभा म्हणेल, वा ताई! हे सगळं तिच्यासाठी होतं, असं मी स्वतःला किती वेळा सांगितलं. तिच्यासाठी होतं? नवरा जाऊन नऊ दिवस झालेल्या बाईकडून मला शाबासकी हवी होती.

पर्समध्ये पेन ड्राइव्ह होता. त्यात माझं सगळं फोल्डर — वऱ्हाडी बोलण्याच्या फाइली, आणि त्याच्याच पोटात माझं गाव. मी सगळंच उचलून त्याच्या कम्प्युटरवर टाकलं. पडद्यावर प्रश्न आला की या नावाचं आधीच आहे, त्याच्यावर टाकू का. मला वाटलं, बोलण्याची फाइल विचारते आहे. हो म्हटलं. आधी कॉपी काढली का? नाही. मी — जिनं भावाला त्यावरून छळलं होतं — तिनं काढली नाही. दोन मिनिटांचं काम, कशाला, म्हटलं.

खेळ उघडला. दुकानदार म्हणाला, "या बाई, बसा. पानी घेता काय?" आणि मागे माझी विहीर दिसली. माझी पिवळी झोपडी. माझ्या कोंबड्या.

बोरखेडीवर बोरखेडी गेली होती. दिलीपचं गाव पुसलं गेलं होतं, शाळेसकट. पाटीसकट. त्यानं मरायच्या आधी बायकोला लिहिलेलं एकमेव काहीतरी — जे अजून एका माणसानंही वाचलेलं नव्हतं.

कचऱ्याच्या डब्यात पाहिलं. असं वर टाकलेलं तिथे जात नाही, हे मला माहीत होतं, तरी पाहिलं. आणखीही एक माहीत होतं. अशा वेळी कम्प्युटर तसाच बंद करावा, काही नवं लिहू नये, जाणत्या माणसाकडे न्यावा — कधी कधी पुसलेलं परत मिळतं. व्हिडिओत पाहिलेलं होतं. पण दुकानात न्यायचं तर शोभाला सांगावं लागलं असतं. मी नेला नाही. जे काही मिळालं असतं, ते या एका गोष्टीसाठी मी घालवलं — तिच्यासमोर लाज नको म्हणून.

शोभाला म्हटलं, बीपीच्या गोळ्या घरी राहिल्या. बसनं अकोल्याला आले, घरच्या कम्प्युटरवर उतरवून ठेवलेली दिवाळीची कॉपी घेतली, दुसऱ्या दिवशी परत. बायका जेवायला बसल्या तेवढ्यात ती कॉपी टाकली. दिलीपचं गाव परत दिसलं. शाळा होती. शाळेपाशी मोकळी जमीन होती.

मग मी पाटी लिहिली. गावाच्या फाइलीत पाट्यांवरचा मजकूर कुठे असतो ते मला ठाऊक होतं. काय लिहायचं याला मात्र फार वेळ लागेल असं वाटलं होतं — लागला नाही. बोटं आपोआप चालली, आणि तेच मला आजवर सोसत नाही. लिहिलं ते असं:

"शोभा, तुयी शाळा म्या सोडवली. चूक मायीच होती. दिलीप."

आता ते उरलेलं सांगते. शोभाची शाळा दिलीपनं आपल्या मनानं सोडवली नव्हती. आई पडली तेव्हा मी त्याला बाजूला घेऊन म्हटलं होतं, "शोभाले घरी बसव. मायले कोन पायनार?" तो म्हणाला, "ताई, तू घेऊन जातं काय मायले काही दिवस?" मी सासरचं कारण सांगितलं. सासू तर तेव्हा स्वतःच म्हणत होती की आण तुझ्या आईला. मला नको होतं. अंथरुणातलं सगळं करणं मला नको होतं, एवढंच. आणि निघताना मी त्याला वर म्हटलं, "मायं नाव नको सांगू." त्यानं अठ्ठावीस वर्षं सांगितलं नाही.

मग त्या पाटीवर त्यानं काय लिहिलं असेल? माझं नाव? मरताना माणूस खरं सांगून मोकळा होतो म्हणतात. की वेगळंच काही, त्या दोघांमधलं? मला कळायला मार्ग नाही. आणि आणखी एक विचारते, स्वतःलाच — त्या दुपारी पडद्यावर माझ्या कोंबड्या दिसल्या, तेव्हा छातीत जे धस्स झालं, त्याच्या खाली कुठेतरी हायसं वाटलं होतं का? वाटलं होतं.

तेरवीच्या दुसऱ्या दिवशी शोभा खुर्चीत बसली. माउस माझ्या हातात. मी तिला गावातून नेलं, विहिरीवरून, दुकानावरून. दुकानदार बोलला, पण तिचं लक्षच नव्हतं. शाळेपाशी आलो. तिनं चष्मा पुसला. वाचलं. पुन्हा वाचलं.

"एवढं म्हनाले अठ्ठावीस वर्सं लागली या मानसाले," ती म्हणाली, आणि हसली, आणि मग पदर तोंडात कोंबून रडली. मी तिच्या पाठीवरून हात फिरवत होते. तोच हात.

थोड्या वेळानं म्हणाली, "ताई, मले त्याईनं कधी शोभा म्हनलं नाई. चारचौघात नावच घेत नव्हते, अन् घरात मास्तरीन म्हनत. नोकरी गेल्यावरबी मास्तरीनच. पाटीवर मातर शोभा लिवलं पाहा."

मला हे माहीतच नव्हतं. खरी पाटी असती तर पहिला शब्द मास्तरीन असता. माझी चोरी तिच्या डोळ्यांसमोर होती, आणि तिला ती माया वाटली. तेव्हा तरी बोलायचं होतं ना मी? तोंड उघडलं, आणि म्हटलं, "शेवटी शेवटी मानूस बदलते."

वर्षश्राद्धाला सगळे नातेवाईक जमले. शोभानं जेवणाआधी सगळ्यांदेखत सांगितलं, "मी आयुष्यभर याईले बोलले, आता बोलनार नाई. याईनं चूक पदरात घेतली." फोनमध्ये काढलेला पाटीचा फोटो हातोहात फिरला. मग माझ्याकडे वळून म्हणाली, "ताई नसत्या त मले हे वाचालेच भेटलं नसतं." आणि पहिलं ताट मला वाढलं. मी जेवले. पोटभर जेवले.

दिलीपची चूक नव्हती. ती चूक माझी होती, आणि ती मी मेलेल्या भावाच्या सहीनं त्याच्याच माथी मारली. त्यानं शोभाला जे लिहिलं होतं, ते मी न वाचता पुसलं.

शोभा आता स्वतः कम्प्युटर चालू करते. एवढंच शिकली — चालू करायचं, शाळेपर्यंत चालत जायचं, वाचायचं, बंद करायचं. आज सकाळी तिचा फोन आला होता. म्हणाली, "वाचली ताई पाटी." मी म्हटलं, "बरं झालं."