धाकट्या आजोबांचा एकमेव संवाद

आजोबांच्या धाकट्या भावाचं नाव आमच्या घरात कोणी घेत नसे. एका संस्थानिकाबरोबर पूजाअर्चेसाठी विलायतेला गेला आणि परतलाच नाही, एवढंच मला ठाऊक होतं. बाकीचं कळलं ते गेल्या हिवाळ्यात, लंडनहून एक संशोधक बाई बनारसला आली तेव्हा. जुन्या ब्रिटिश सिनेमांवर तिचं काम चालू होतं. आमच्या गल्लीचा पत्ता तिला धाकट्या आजोबांच्या सामानातल्या पाकिटांवर सापडला होता. सगळी पाकिटं न फोडता परत गेलेली.

तिकडे आधी ते स्टुडिओत नटांना फेटे बांधून देत. राजाचं काम गोरा नट तोंडाला काळं फासून करायचा आणि आमचे धाकटे आजोबा मागे पंखा घेऊन उभे. मग मूकपटांत नोकर, गारुडी, पहारेकरी. बहुतेक सिनेमांत लवकरच मरायचे. पडद्यावर नाव कधीच नाही. बोलपट आल्यावर एकदाच बोलायला मिळालं. दुष्ट पुजाऱ्याचं काम होतं. दिग्दर्शक म्हणाला, तुझ्या भाषेत काहीही शाप दे.

"हे कुठले मंत्र आहेत?" असं विचारत बाईने लॅपटॉप उघडला. खालच्या मजल्यावर राहणारे माझे काका शेजारीच बसले होते. पंचाऐंशी उलटली तरी ते अजून दशाश्वमेधावर महाराष्ट्रातल्या यात्रेकरूंची कर्मं करतात.

पडद्यावर भस्म फासलेला माणूस हात उगारून ओरडला, "दादा, आई गेली ते मला कळवलं नाहीस! पंचगंगा घाटावर माझ्या नावाचा घट फोडलास, जिवंतपणी मेलेला ठरवलंस! तुझ्या हातचं पाणी पितरांना पोचणार नाही!" मग गोऱ्या शिपायाने गोळी झाडली आणि तो कोसळला.

"परत लाव," काका म्हणाले. दुसऱ्यांदा ऐकून झाल्यावर मला म्हणाले, "तिला सांग, मंत्र आहेत."

"पण नाहीत ना, काका."

"चुपचाप सांग. घरातली घाण परक्यांपुढे काढायची नाही."

मी कॉलेजात तीस वर्षं इंग्रजी शिकवलं. एकेक वाक्य सावकाश भाषांतर करून सांगितलं. काकांना इंग्रजी येत नाही, पण बाईचा चेहरा बघून त्यांना कळलं.

ती गेल्यावर ते काठी टेकत उभे राहिले. "पुळका आला तुला त्याचा? लग्न करून सहा महिन्यांत पळाला तो. घट फोडला त्या दिवशी त्याच्या बायकोचं, माझ्या काकूचं कुंकू पुसलं, केस काढले. तिने मला वाढवलं. जन्मभर एकवेळ जेवली बिचारी. आणि याला जगापुढे तोंड उघडायला मिळालं, तर तिच्यासाठी एक शब्द निघाला?"

मला हार मानायची नव्हती. "तिचे केस काढायला कोणी लावलं? तुमच्या वडिलांनीच ना?"

"उद्यापासून माझ्या उंबऱ्यावर पाय ठेवायचा नाही."

ठेवलाही नाही. बाबांचं श्राद्ध यंदा मी अहिल्याबाई घाटावर दुसऱ्या गुरुजींकडून करून घेतलं. समोरून जाताना काकांनी माझ्याकडे पाहून न पाहिल्यासारखं केलं. मीही तसंच केलं.

त्या बाईचं नंतर एकदा पत्र आलं. तो बोलपट पडला, धाकट्या आजोबांना पुढे काम मिळालं नाही. ते कुठल्याशा हॉटेलात भांडी घासत होते. स्टुडिओच्या नोंदवहीचा फोटोही तिने पाठवला होता. त्यात त्यांनी आपल्या वळणदार अक्षरात लिहिलं होतं : अविवाहित.

मी ते पुन्हा पुन्हा वाचलं. संताप आला, अगदी काकांना आला होता तसाच. जिना उतरून खाली जाऊन ते त्यांना दाखवलं असतं, तर कदाचित आमचं बोलणं सुरू झालं असतं. मी दाखवलं नाही. त्यांचंच खरं होतं, हे त्यांना ऐकवायची माझी तयारी नाही.