मामांचा डावा हात

माझे मामा जॅझ पियानो वाजवायचे. हे वाक्य जालन्यात कुणापुढेही म्हणून बघा. समोरचा माणूस आदराने मान हलवतो आणि विचारतो, "बरं, पण नोकरी कुठं होती?"

मामा मूळचे पिंपळगाव रेणुकाईचे. घरी शेती. देवळातल्या भजनाला पेटी वाजवणारं कुणीतरी लागतं म्हणून त्यांना लहानपणीच पेटीपुढे बसवलं. पुढे ते मुंबईला गेले आणि वाद्यदुरुस्तीच्या एका दुकानात कामाला लागले. तिथे पेट्यांबरोबर पियानोही यायचे. दुरुस्त झालेलं वाद्य वाजवून बघावं लागतं, तसं मामा बघायचे. हे बघणं दिवसेंदिवस लांबत गेलं, तेव्हा मालक वैतागला आणि एका हॉटेलच्या बँडमास्तराने त्यांना उचलून नेलं.

पियानोला दोन्ही हात लागतात. मामांच्या डाव्या हाताचं सगळं बालपण मात्र पेटीचा भाता मारण्यात गेलेलं. त्याला सूर ठाऊक नव्हते, हवा भरणं आणि सोडणं तेवढं ठाऊक. तेव्हा मामांनी त्याला पियानोवरही तेच काम दिलं. चार-पाच सूर एकदम दाबायचे आणि सोडायचे, दाबायचे ठेक्याच्या जरा आधी, सोडायचे जरा उशिरा. उजवा हात वर कुठेही हिंडून आला तरी खाली हा भाता चालू. बँडमधले आधी हसले, मग गप्प झाले, मग नक्कल करायला लागले. परदेशात त्यावर लेख लिहून आले. त्या लेखांत मामांनी पौर्वात्य श्वासाचं तत्त्वज्ञान पियानोत आणलं असं छापलं होतं. मी ते वाचून दाखवलं तर मामा म्हणाले, "तत्त्वज्ञान कशाचं बाई, सवय हाये. डावा हात अजून भाताच मारून राह्यला."

म्हातारपणी ते एकटे पडले आणि पियानोसकट आमच्या घरी, वरच्या मजल्यावर राहायला आले. आमच्या हवेत पियानोचं लाकूड तडकू नये म्हणून त्यात पाण्याने भरलेलं भांडं ठेवावं लागे. जालन्यात नळाला पाणी कधी येतं ते विचारू नका. आई, म्हणजे त्यांची धाकटी बहीण, रोज ते भांडं भरताना म्हणायची, "माणसाला न्हाई पाणी, आन तुमच्या पियानोला दोन टाइम." म्हणायची, पण भरायची.

शेजाऱ्यांना पियानोची अडचण नव्हती. त्यांचं म्हणणं एवढंच, की एवढं मोठं वाजतंय तर एखादं ओळखीचं गाणं वाजवा. कुणी हळदीला बोलावलं, कुणी नातवाच्या बारशाला. एकदा एक परदेशी मुलगी मामांकडे शिकायला आली, तेव्हा मात्र गल्लीला मामांची किंमत कळली. मामांनी तिला पियानोला हात लावू दिला नाही. पिंपळगावला नेऊन भजनी मंडळात बसवलं, आणि पंधरा दिवस एका म्हाताऱ्या बुवांच्या पेटीचा नुसता भाता मारायला लावला. सोळाव्या दिवशी ती पियानोवर बसली आणि मामा पहिल्यांदा कुणावर तरी खूश झालेले मी पाहिले. स्थानिक पेपरात बातमी आली. फोटोत ती होती, बुवा होते, सरपंच होते. मामा कडेला अर्धे.

मग मामांचे हात थरथरायला लागले. डॉक्टरांनी गोळी दिली. गोळी घेतल्यावर पाऊण तासाने हात शांत व्हायचे, तास-दीड तास शांत राहायचे, मग पुन्हा थरथर. दुसरी गोळी चार तासांनीच. आधी घेतली की मामांना घेरी यायची. त्या रोजच्या दीड तासात ते एक नवी रचना बांधत होते. पंचवीसेक मिनिटांची असेल. खाली भाजी निवडताना मला तिचे तुकडे ऐकू यायचे, सलग कधीच नाही. मी म्हणाले, फोनवर रेकॉर्ड करून ठेवू. ते म्हणाले, "आदी माणसापुढं, मंग मशीनपुढं. आयुष्यभर परक्या गावात वाजवलं. हे आपल्या गावात वाजवू दे एकदा."

मी जिल्हा परिषदेत नोकरीला आहे. कार्यक्रम करणं हा आमच्या हातचा मळ. मी एका सांस्कृतिक मंडळाच्या अध्यक्षांना गाठलं. त्यांनी हॉल, मांडव, जेवण, आमचा पियानो हॉलवर नेणं, सगळं अंगावर घेतलं. मी त्यांना गोळीचं गणित समजावलं. अकराला सुरू, सव्वाअकरा ते पावणेएक मामांचे हात मोकळे. "बिलकुल काळजी करू नका मॅडम," ते म्हणाले, "सत्कार एकदम थोडक्यात उरकू." प्रास्ताविक माझ्याकडे होतं. मामांना मी शब्द दिला होता, तीन मिनिटं.

साडेदहाला मामांनी गोळी घेतली. अकरा वीसला प्रमुख पाहुणे आले, म्हणजे आमच्या मानाने वेळेवरच. दीपप्रज्वलनासाठी कूलर बंद करावे लागले, कारण समई विझत होती. मग स्वागतगीत. मग सत्कार. आमच्याकडे सत्काराला एक शिस्त असते. पाहुण्यांचा सत्कार अध्यक्षांनी करायचा, अध्यक्षांचा उपाध्यक्षांनी, उपाध्यक्षांचा सचिवांनी, आणि सचिव बिचारा उघडा राहू नये म्हणून त्याचा पाहुण्यांनी. एक नाव सुटलं तर पुढची दहा वर्षं तो माणूस आपल्या दारावरून मान वळवून जातो. शाली, नारळ आणि फेटे यांची ताटं ठेवायला जागा हवी होती, ती पियानोवर सापडली. मी उठून दोनदा ताटं खाली ठेवली, दोनदा ती परत वर आली.

मग माझं प्रास्ताविक झालं. मग मंडळाच्या कार्याचा अहवाल. मग पाहुण्यांचं भाषण, ज्यात त्यांनी संगीताचं महत्त्व सांगितलं आणि आपल्याला त्यातलं काही कळत नसल्याचं अभिमानाने कबूल केलं. मी घड्याळाकडे बघत होते आणि एकेकाला मनातल्या मनात शिव्या घालत होते. मामा मागे खुर्चीत शांत बसले होते, डोक्यावर फेटा, मांडीवर शाल.

एक वाजून दहा मिनिटांनी त्यांचं नाव पुकारलं. तोवर मांडवातून पुरीचा वास आला होता आणि निम्मा हॉल वासामागे गेला होता. मामा पियानोवर बसले. उजवा हात पट्ट्यांवर ठेवला आणि तो उडायला लागला. त्यांनी तो उचलून पुन्हा ठेवला. तो पुन्हा उडाला. मग त्यांनी एकट्या डाव्या हाताने पाच-सहा वेळा तो भाता भरला, सोडला, आणि उठून नमस्कार केला. अध्यक्ष माईकवर म्हणाले, "अतिशय श्रवणीय."

घरी आल्यावर मला रडू आलं. मामा म्हणाले, "जाऊ दे बाई. लोकं जेवली ना बराबर?"

पुढे तो दीड तास कमी कमी होत पंधरा मिनिटांवर आला, आणि थंडीत मामा गेले. मंडळाने शोकसभा घेतली. पाहुणे तेच होते, फक्त यावेळी फेटे नव्हते. मी ऑफिसात, लग्नांत, नातेवाइकांत, जो भेटेल त्याला सांगत सुटले की या गावाने माझ्या मामांचा शेवटचा कार्यक्रम सत्कारात बुडवला. ऐकणारे हळहळायचे. मला बरं वाटायचं.

त्या परदेशी मुलीने कार्यक्रमाचा व्हिडिओ मागितला. मी न बघताच पाठवून दिला. बघायची हिंमत नव्हती. महिन्याभराने तिचं पत्र आलं, सोबत सुरांनी भरलेले कागद. तिने लिहिलं होतं, "तुमचं प्रास्ताविक चालू असताना गुरुजींची बोटं मांडीवरच्या शालीवर चालत आहेत. ते एक रचना वाजवत आहेत, पहिल्यापासून, सलग. मी आवाज बंद करून पन्नासेक वेळा बघितलं, आणि उजव्या हाताचं जेवढं ओळखता आलं तेवढं लिहून काढलं आहे."

मग मी व्हिडिओ लावला. माझं प्रास्ताविक सतरा मिनिटांचं होतं. मला विचारलं असतं तर मी चार म्हणाले असते. मामांचा जन्म, मामांची जिद्द, मामांचा परदेशातला गौरव, आमच्या साहेबांचे दोनदा आभार, आणि भाची म्हणून माझं भाग्य. मी हातवारे करत बोलते आहे आणि माझ्या मागे मामांचा उजवा हात एवढासाही न थरथरता शालीवर पळतो आहे. मी संपवते, टाळ्या होतात, आणि मामांचा हात रचनेच्या मधेच थांबतो, कारण त्यांनाही टाळ्या वाजवायच्या असतात.

तिच्या कागदांवर प्रत्येक ठिकाणी दोन ओळी आहेत. वरची उजव्या हाताची, ती भरलेली. खालची डाव्या हाताची, ती पहिल्या पानापासून शेवटपर्यंत कोरी. तिने फार सभ्यपणे विचारलं होतं, "डावा हात दिसत नाही, कारण तुम्ही माईकपाशी त्याच्यापुढे उभ्या आहात. दुसऱ्या बाजूने घेतलेलं चित्रण असेल का?"

दुसरा कॅमेरा होता. तो प्रमुख पाहुण्यांवर लावलेला होता.