कुंडातलं पाणी मलाच गार लागलं

अंगात येणं, करणी, उतारा, बाहेरची बाधा... या सगळ्याविरुद्ध मी पत्रकं लिहिते. कॉलेजात असल्यापासून लिहिते. शाळाशाळांतून जिभेवर कापूर पेटवून दाखवते. तेव्हा वाचकांच्या अद्भुत अनुभवांच्या या सदरात माझा मजकूर बघून ज्यांना हसायचंय त्यांनी आधी हसून घ्यावं. मी थांबते.

झालं? आता ऐका.

जागा जळगाव ओलांडून पुढं, सातपुड्याच्या पायथ्याला आहे. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. लिहिलं तर उद्या चार नवरे आपापल्या बायकांना गाडीत घालून तिथं पोचतील. प्रसिद्ध ठिकाण नाही ते. डांबरी रस्ता संपतो तिथून करंजांच्या सावलीतून पायवाट जाते. शेवटी काळ्या दगडात बांधलेलं चौकोनी कुंड, उतरायला पायऱ्या, एका बाजूला गंजलेला लोखंडी कठडा. तळाच्या फटीतून गरम पाणी येतं. गंधकाचा वास, वर पातळशी वाफ. बसलं की पाणी गळ्याला लागतं. अमावास्या-पौर्णिमा सोडली तर माणूस दिसत नाही. खरं सांगायचं तर जागा लई सुंदर आहे, आणि त्याचाच मला जास्त राग येतो.

कारण तिथली पद्धत. ज्या दोघांत संशय आला — नवरा-बायको असोत, भाऊ-भाऊ असोत, वाट्यानं शेती करणारे असोत — ते समोरासमोर पाण्यात बसतात. एक बोलतो, दुसरा ऐकतो. बोलणारा खोटं बोलला तर ऐकणाऱ्याला पाणी गार लागतं. फक्त ऐकणाऱ्याला, बाकी कुणाला नाही.

यातली हुशारी लक्षात येते का? गार लागलं म्हणायला पुरावा लागत नाही. नवरा म्हणाला गार लागलं, की बाई संपली.

आमच्या बजाजनगरातल्या अनिताला असंच संपवायला निघाले होते. ती आमच्याच गल्लीतली, चितेगावला दिलेली. नवऱ्याला संशय आला की लग्नाआधी ती ज्या कंपनीत पॅकिंगला होती तिथल्या कुणाशी ती अजून फोनवर बोलते. सासरच्यांचं मूळ गाव त्या कुंडाजवळचं. तिला तिथं नेलं, पाण्यात बसवलं. नवऱ्यानं विचारलं, "तुझं कुणाशी काही आहे का?" ती म्हणाली, नाही. तो उठून उभा राहिला आणि काठावरच्या चुलत्यांना म्हणाला, "बर्फ आहे नुसता." त्याच गाडीनं तिला माहेरी आणून सोडलं. पुढच्या आठवड्यात भावकीची बैठक बसणार होती. नांदवायचं की सोडायचं ते तिथं ठरणार.

अनिताची आई, मंदाकाकू, एका कंपनीच्या कॅन्टीनमध्ये पोळ्या लाटतात. त्या आमच्याकडं आल्या. आमच्याकडं म्हणजे माझ्याकडं आणि रोहिणीकडं. रोहिणी माझी शाळेपासूनची मैत्रीण. माझ्या प्रत्येक पत्रकाखाली दोन नावं असतात, दुसरं तिचं. चिकलठाण्याच्या एका बाबानं आमच्यावर माणसं घातली होती तेव्हा पळून न जाता माझ्याशेजारी उभी राहिलेली ही पोरगी आहे. हे मुद्दाम सांगतेय. पुढचं कळायला ते लागेल.

ठरलं असं. बैठकीच्या आत पत्रक काढायचं. चितेगावात घरोघर वाटायचं. आणि आमचा नियम असा की आधी स्वतः करून बघायचं, मग लिहायचं. म्हणून आम्ही दोघी एसटीनं निघालो. पिशवीत कोरडे कपडे, चिवडा, आणि कॉलेजच्या प्रयोगशाळेतून मागून आणलेले दोन थर्मामीटर.

दुपारची वेळ. कुंडावर आम्ही दोघीच. एक थर्मामीटर माझ्या बाजूला, एक तिच्या बाजूला, दोऱ्यानं बांधून पाण्यात सोडला. पंजाबी ड्रेसवरच उतरलो. पाणी सोसेल इतकं कडक होतं. आळीपाळीनं खोटं बोलायचं आणि आकडा बघायचा.

"माझं लग्न झालंय," मी सुरुवात केली. "मला चार पोरं आहेत."

"चार? तुझा स्वभाव बघता एक झालं तरी नवसाचं म्हणायचं." रोहिणीनं वाकून थर्मामीटर पाहिला. "काय फरक नाय. आता मी. मी आयुष्यात कधी तुझ्या डब्यातलं चोरून खाल्लं नाय."

"हे तर पाण्यालाच काय, अख्ख्या वर्गाला माहितीय."

"घे. तरी गरमच."

बराच वेळ असा दंगा केला. दोन्ही आकडे जागचे हलले नाहीत. मी थर्मामीटरचे फोटो काढले, मोबाईल काठावर ठेवला आणि परत पाण्यात येऊन बसले. काम झालं होतं. आता निवांत. वरून करंजाची पानं पडत होती. अंगातला प्रवासाचा शीण उतरत होता आणि मी डोळे मिटले होते.

"प्रेसला मजकूर दिलास ना?" मी सहज विचारलं. त्यात काडीचाही संशय नव्हता. गॅस बंद केलास ना, असं घरात विचारतो तसं.

"दिलाय की," ती म्हणाली. "आजचा रिझल्ट तेवढा फोनवर सांगायचा, की छापायला घेतील."

माझे तळपाय गार पडले.

आधी वाटलं, खालून दुसरा झरा लागला असेल. मी पाय उचलला. गार पोटऱ्यांवर चढलं, मग गुडघ्यांवर. थंडीत पहाटे विहिरीचं पाणी अंगावर घेतल्यावर जसा श्वास अडकतो तसा अडकला. समोर रोहिणी बसलेली. चेहरा लालबुंद, कपाळावर घाम.

"आणि मंदाकाकूंना पण सांगून आलेय," ती पुढं बोलत होती, "आपण येईपर्यंत कुणाच्या कशाला हो म्हणू नका म्हणून."

गार गळ्यापर्यंत आलं. माझे दात वाजायला लागले. मी दोरा ओढून माझ्या बाजूचा थर्मामीटर डोळ्यांसमोर धरला. आकडा तोच होता. सरकत तिच्याजवळ गेले. तिथंही गारच, जणू मी माझं पाणी माझ्यासोबत घेऊन हिंडत होते.

"तुला गरम लागतंय?" मी विचारलं.

"व्हय... भाजतंय," ती म्हणाली. मग तिनं माझ्या ओठांकडं पाहिलं. आणि पायऱ्या चढून वर गेली.

तिनं मला 'काय झालं' असं विचारलं नाही. पंधरा वर्षांपासूनची मैत्रीण पाण्यात कुडकुडतेय आणि ही पाठमोरी होऊन केस पिळतेय.

फाट्यावर चहा प्यायला थांबलो. टपरीवाल्या बाई माझी निळी नखं बघून म्हणाल्या, "काय वं ताई, धरणात पडल्या होत्या का काय?" बाहेर ऊन मी म्हणत होतं. अजिंठ्याचा घाट चढेपर्यंत माझ्या अंगातली हुडहुडी गेली नाही. एसटीत रोहिणी खिडकीकडं तोंड करून झोपली होती, किंवा झोपल्यासारखी.

दुसऱ्या दिवशी मी औरंगपुऱ्यात प्रेसवर गेले. मालक म्हणाले, "कोणतं पत्रक, ताई? माझ्याकडं कोणी आलंच नाय."

तिथून थेट मंदाकाकूंकडं. त्या कणकेचा हात पुसत दारात आल्या. चेहऱ्यावर समाधान. "बरं झालं बाई, तुमच्यामुळं मिटलं. रोहिणी येऊन गेली ना परवा. तूच पाठवलं म्हणली."

"काय म्हणाली?"

"की ताणू नका. भावकीसमोर नारळ ठेवून चूक झाली म्हणा, परत नांदवतील. तुम्ही दोघी शिकलेल्या, तुम्ही म्हणता म्हणून मी अनिताला समजावलं. आज सकाळीच घेऊन गेले तिला. बैठक पण लवकरच उरकली त्यांनी." मग माझ्याकडं बघून म्हणाल्या, "का गं... तू नव्हतं पाठवलं?"

मी आल्या पावली निघाले.

रोहिणीच्या घरी गेले तर पलंगावर साड्या मांडलेल्या होत्या. तिची आई मला बघून गडबडीनं आत गेली. रोहिणी जागची हलली नाही.

"कुणाशी ठरलं?" मी विचारलं.

"अनिताच्या दिराशी."

आम्ही अनिताची केस हातात घेतल्यावर हे स्थळ आलं. त्यांच्याकडनंच आलं. हुंडा नको, मानपान नको, पोरगी तेवढी द्या. ते कशासाठी आलंय हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. हिलाही कळलं होतं.

"पप्पांची कंपनी बंद पडलीय, दीपा. असं स्थळ परत येणार नाय," ती म्हणाली. "आणि मी त्याच घरात जातेय ना? अनिताला कोण हात लावतंय बघतेच मी. आतून बदलता येतं. सगळं काय पत्रकानं होत नसतं."

"मग मला का नाय सांगितलंस?"

"तू ऐकलं असतंस?"

नसतं ऐकलं. पण म्हणून माझ्या नावावर? माझ्या नावावर एका बाईनं आपली पोरगी परत पाठवली. न केलेली चूक त्या पोरीनं चारचौघांत नारळ ठेवून कबूल केली. रोहिणीची बाजू समजून घे, असं लोक मला सांगतात. मी नाही समजून घेणार.

आता उरतं पाणी. शरीरशास्त्र शिकवणाऱ्या एका मॅडमना मी विचारलं. त्या म्हणाल्या, फार गरम पाण्यात काही जणांना उलट गार वाटू शकतं. मान्य. पण मग त्या आधीचा सगळा वेळ का नाही वाटलं? आणि नखं? कुणी म्हणालं, तुझ्या मनानं तिचा आवाज ओळखला असणार. हेही मला आवडलं असतं. पण खरंच सांगते, त्या क्षणी मी माझ्या श्वासावर ठेवते तितका तिच्यावर विश्वास ठेवून बसले होते.

जादूटोण्याविरुद्ध कायदा आहे, पण तक्रार करणारी पाहिजे. म्हणून रोहिणीचं लग्न होऊन गेल्यावर मी एकदा चितेगावला गेले. अनिता ओट्यावर ज्वारी पाखडत होती. बारीक झालेली. बस म्हणाली नाही, जा पण म्हणाली नाही.

"तुम्ही तिथं गेलता ना, ताई?" तिनं हळूच विचारलं. "पाण्यात बसल्या होत्या?"

"हो."

"गार लागलं?"

खोटं बोलणं सोपं होतं. मी म्हणाले, "लागलं. पण म्हणून तुझा नवरा खरा ठरत नाही. तू काही केलंस का?"

"नाय."

"मग तो खोटं बोलला."

तिनं सूप खाली ठेवलं. "मग तो बर्फ आहे म्हणला तेव्हा ऐकणारी मीच होते ना समोर? मला का नाय गार लागलं? मी वाट बघत होते, ताई. पार तळाला हात लावून बघितला. मला गरमच लागत होतं."

आतून बांगड्या वाजल्या. "कोण आलंय गं ताई?" रोहिणीचा आवाज. तोच, रोजचा.

अनितानं माझ्याकडं पाहिलं आणि मान न वळवता म्हणाली, "कुणी नाय. पत्ता विचारत होत्या."

आणि सूप उचललं. मी गेटबाहेर आले.

एका न छापलेल्या पत्रकासाठी माझी नखं निळी करणारं पाणी त्या पोरीच्या वेळी गप्प का बसलं, हे मला कुणी सांगितलेलं नाही, आणि मी विचारायचं कुणालाच सोडलेलं नाही. तुमच्यापैकी कुणाला सुचलं तर जरूर लिहा. फक्त मला पटेल असं नका लिहू. चितेगावला त्या ओट्यावर जाऊन सांगता येईल असं लिहा.