उंबऱ्याच्या आत आलं की चहा

आरोग्य आणि तंत्रज्ञानावर माहितीपट करण्यात माझं अर्धं आयुष्य गेलं. पण मला पुरून उरल्या त्या उंब्रजजवळच्या एक मावशी. त्यांचं नाव विचारायचं राहिलं, कारण माझ्या तोंडाला सतत कप होता.

विषय होता मोबाइलवरून डॉक्टरांचा सल्ला. मावशींना मधुमेह. मी त्यांच्या दारातून आत येतो, एवढाच शॉट. आत आलो की मावशी पदर सावरून चहा पुढं करायच्या. कॅमेरामन म्हणायचा, "पुन्हा." मी बाहेर जाऊन पुन्हा आत. पुन्हा चहा, पाकासारखा गोड.

"मावशी, हा तोच शॉट आहे हो!"

"आसंल. पर तुमी उंबऱ्याच्या आत आलाय न्हवं? कोरडं कसं बसवू?"

असे सहा टेक झाले. मग साखर तपासायचं यंत्र आधी माझ्याच बोटावर चालवून दाखवलं. मोबाइलमधले डॉक्टर आकडा बघून ओरडले, "मावशी, आजपासून गोड चहा बंद!"

"आवं डाक्टर, मी कवाच सोडलाय. बोट या सायबांचं हाय!"

तेव्हापासून माझ्या माहितीपटांत कुणी दारातून आत येत नाही. सगळे आधीच बसलेले असतात.