शिडीवरून पडणारा रंगारी

“सगळे मुंग्यांसारखे पळतायत,” क्लेअर म्हणाली. “उद्या पाहुणे येणार. हे नीट होत नसेल तर ही फिल्मच वगळू.”

क्लेअर आमची ब्रिटिश क्लायंट. तिला कतारमध्ये, दोहा शहरात जुन्या ब्रिटिश मूक विनोदी फिल्म्स दाखवायच्या होत्या. त्यांच्या डिजिटल कॉपी स्क्रीनिंगसाठी तयार करणं हे माझं काम. या फिल्ममध्ये एक रंगारी शिडीवरून थेट पोलिसाच्या अंगावर पडतो. गोष्ट एवढीच.

त्या काळी कॅमेरा हाताने हँडल फिरवून चालवत. हात फिरेल तसा स्पीड. आजच्या स्पीडला लावलं की माणसं धावत सुटतात. मी स्पीड कमी केला. पोलीस माणसासारखा चालू लागला.

“आता छान!” मग रंगारी पडला आणि क्लेअरने मला थांबवलं. “मागचा घोडा बघ.”

मागे रस्त्यात घोडागाडी होती. इतका वेळ रमतगमत चालणारा घोडा नेमका त्याच क्षणी चाबूक बसल्यासारखा पळत होता. म्हणजे कॅमेरामनने तेवढ्यापुरतं हँडल हळू फिरवलं होतं. हँडल हळू फिरलं की फ्रेम्स कमी निघतात आणि पडद्यावर सगळं जलद दिसतं. पण का?

मला राहवेना. तेवढा तुकडा मी आणखी स्लो केला. घोडा पुन्हा सावकाश चालू लागला. आमचं प्रोजेक्शन सांभाळणारे रत्नागिरीचे दाऊदभाई शेजारीच होते. ते पुढे वाकले.

“मॅडम, हा पडत नाय. हा उतरतोय!”

खरंच. रंगाऱ्याने एका हाताने शिडी घट्ट धरली होती. पाय खालची पायरी चाचपत होता. पोलिसाने दोन्ही हात वर केले होते. जलद बघताना ते घाबरून वर गेल्यासारखे वाटले होते. आता कळलं, तो त्याला आधार देत होता. सावकाश उतरणं पडण्यासारखं दिसावं, म्हणून हँडल हळू.

मी क्लेअरला दाऊदभाईंचं वाक्य इंग्लिशमध्ये सांगितलं. ती हसली नाही. “परत लाव,” म्हणाली. आम्ही तिघं ते कितीदा बघत बसलो कोण जाणे.

“मग स्लोच ठेवू?” मी विचारलं.

“नको. त्यांनी एवढं जपून लपवलंय. आपण कशाला उघडं पाडायचं?”

“खलास, विषय संपला,” दाऊदभाई म्हणाले.

दुसऱ्या दिवशी रंगारी धाडकन पडला आणि हॉल खदखदून हसला. मी एकटीच पोलिसाचे हात बघत होते.

आता कोणी “हे चुकलंय, दुरुस्त करा” म्हणालं की मी आधी विचारते, “चुकलंय, की मुद्दाम केलंय?” बहुतेक वेळा उत्तर कोणालाच माहीत नसतं. ते कळेपर्यंत मी हात लावत नाही.