राक्षसाच्या मानेचा सांधा

आमच्या हमरापूरचा एक तरुण मूर्तिकार दर रविवारी दुपारी पेणच्या व्हिडिओ सेंटरात एकच तलवारी-जादूटोण्याचा सिनेमा बघायचा. सिनेमा भिकार, पण बाकडी भरलेली. बायको वारल्यापासून सहा महिने मी घरातच बसून होतो, तर एकदा मलाही ओढून घेऊन गेला. पडद्यावर राक्षस आला की गणपतीची मूर्ती तपासावी तसे हा डोळे बारीक करायचा.

"काका, राक्षसाचं मुंडकं साच्यातलं, मानेवर सांधा दिसतोय. घासलाच नाय."

"मग बघतोस कशाला?"

"डोळ्यांची आखणी बघा. जीव लावून केलीय."

तेवढ्यात हिरोनं मुंडकं उडवलं. ते नेमकं सांध्यावरच तुटलं.

"बोललो नव्हतो?" म्हणत हा उभाच राहिला. सगळे हसले, आणि सहा महिन्यांत पहिल्यांदा मीही.

पुढच्या रविवारी तो यायच्या आधीच मी चपला घालून ओट्यावर बसलो होतो.