कामिनीचा दगड

आखाजी तोंडावर आली तरी सुगंधाबाई घरात नवी घागर आणू देईना. आमच्या खानदेशात अक्षय्य तृतीयेच्या त्या दिवशी गेलेल्या माणसाच्या नावानं घागर भरतात, वर डांगर म्हणजे खरबूज आणि सांजोरी ठेवतात. तिची कामिनी गेल्या पावसाळ्यात डेंग्यूनं गेली होती, म्हणजे ही पहिलीच आखाजी. पण "मन्ही पोर वर फिरी ऱ्हायनी," एवढंच ती नवऱ्याला, तोतारामभाऊला, म्हणायची.

याला कारण आमचं गाव. कामिनी एरंडोलला कॉलेजात होती. तिथल्या हितेंद्र सरांनी मुलांना मोठ्या दुर्बिणीचे फोटो तपासायला दिले, त्यात तिनं एक सरकणारा ठिपका हेरला. मंगळ आणि गुरूच्या मधल्या पट्ट्यातला लघुग्रह निघाला. सर घसा फोडून सांगत होते, अजून कक्षा पक्की व्हायची आहे, नाव द्यायला वर्षं लागतात. पण ऐकतो कोण? उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग! चौकात फ्लेक्स लागला, 'कामिनी ग्रह', आणि शाल-श्रीफळही उरकलं. पोरगी गेली, फ्लेक्स राहिला. सुगंधाबाई येता-जाता पदरानं फोटोवरची धूळ पुसायची. मला त्या फ्लेक्सचा भयंकर राग यायचा, पण तिच्या आईच्या डोळ्यांदेखत तो काढणार कोण?

शेवटी तोतारामभाऊनं सरांनाच घरी बोलावलं. शेजारी म्हणून मीही जाऊन बसलो.

"सर, कितला मोठा शे तो?" सुगंधाबाईनं विचारलं.

"नक्की नाही सांगता येत, अक्का. आपल्याला नुसता उजेड दिसतो. दगड उजळ असेल तर आपल्या गावाएवढा. कोळशासारखा काळा असेल तर दुप्पट."

"काळाच व्हई. कामिनीबी काळीच व्हती."

तोतारामभाऊ खुदकन हसला आणि लगेच त्यानं डोळे पुसले.

"सूर्याभोवती फिराले कितला साल लागतस?" सुगंधाबाईनं पुढं विचारलं.

"चारेक."

"मंग आते कोठे शे?"

सरांनी हातातला तांब्या खाली ठेवला. त्या ठिपक्याच्या नोंदी मोजक्याच होत्या. त्यावरून आखलेल्या वाटेवर यंदा पुन्हा शोधलं, तर तिथं काहीच नव्हतं.

"हरवला, अक्का. म्हणजे फिरतोय तो, पण कुठे ते आता कोणालाच माहीत नाही. उद्या दुसऱ्या कुणाला सापडला, तर कामिनीचं नाव लागेलच असं नाही."

मला धास्ती वाटली, आता हिला सावरायचं कसं?

"पितर कोठे ऱ्हातस, कोनले माहीत शे?" ती सावकाश म्हणाली. "तरी आपीन पानी ठेवतसच ना." मग नवऱ्याकडे वळली. "घागर लई या. मोठी देखीसन लया. पोरले लांबथीन येनं शे."

आणि कामिनी गेल्यापासून पहिल्यांदाच ती मोठ्यानं रडली.